किराण्याचा अडत्या आणि दुकानाचा परवाना

नमस्कार श्रोतेहो.

मार्चअखेर जवळ आली की आम्हा वकिलांकडे एका ठरावीक प्रकारचे पक्षकार येऊ लागतात. हातात कापडी पिशवी, पिशवीत घड्या घातलेले कागद आणि चेहऱ्यावर पाच-सात खेटे घातल्याचा शीण. हे दुकानदार असतात. नगरपालिकेचा किंवा महापालिकेचा व्यवसाय परवाना संपत आलेला असतो, नूतनीकरणाचा अर्ज दिलेला असतो आणि खिडकीपलीकडून उत्तर आलेलं असतं, "होणार नाही." का होणार नाही? "वरून नाही म्हणालेत."

मग ते मला विचारतात, "वकीलसाहेब, याच्याविरुद्ध कोर्टात जाता येतं का?" मी विचारतो, "नकार कुठे आहे?" ते म्हणतात, "नाही म्हणाले ना तोंडावर." मी पुन्हा विचारतो, "कागदावर?" कागदावर काहीच नसतं.

आज मला एकच गोष्ट सांगायची आहे, आणि ती मी मधूनमधून पुन्हा सांगेन, कारण रेडिओवर मागचं पान उलटून बघता येत नाही. नकार लेखी मागा. परवान्याचं नूतनीकरण होणार नसेल, तर तो नकार कारणासकट आणि लेखी मागा.

का मागायचा, हे सांगण्यासाठी मी तुम्हाला एका गावाला नेतो. ही हकिकत मी जिथे जाईन तिथे सांगतो. व्यापारी संघाच्या बैठकीत सांगितली आहे, नव्या वकिलांना सांगितली आहे, आज तुम्हाला सांगतो.

पानिपतावरून पूर्वेला निघालात आणि यमुना ओलांडलीत, की उत्तर प्रदेशात कैराना नावाचं गाव लागतं. पूर्वी ते मुझफ्फरनगर जिल्ह्यात होतं, आता शामली जिल्ह्यात आहे. कैराना म्हणजे आपलं किराणा. हो, तेच. किराणा घराण्याचं किराणा. उस्ताद अब्दुल करीम खाँसाहेब १८७२ साली तिथे जन्मले, पुढे आपल्याकडे आले आणि मिरजेचे झाले. सवाई गंधर्व त्यांचे शिष्य, हिराबाई बडोदेकर त्यांची कन्या, आणि सवाई गंधर्वांच्या तालमीतून भीमसेनजी आणि गंगूबाई. मिरजेच्या दर्ग्यात उरुसाला आजही गवई हजेरी लावतात. मला मनापासून वाटतं, की आपल्या शाळांत गावांची नावं नकाशावर पाठ करून घेतात त्याऐवजी एकेका गावाने आपल्याला काय दिलं ते सांगावं. कैराना म्हटलं की मुलाला सूर आठवला पाहिजे. माझं म्हणणं एवढंच, की सुराबरोबर एक भाजीचा अडत्याही आठवला पाहिजे. कारण स्वतंत्र भारतात दुकानदाराच्या परवान्याचा पहिल्या-पहिल्यापैकी एक मोठा निकाल याच गावातून आला.

गोष्ट १९४९-५० सालची. कैरान्यात रशीद अहमद नावाचे एक व्यापारी होते. भाजीपाल्याचा ठोक धंदा आणि अडत. अडत म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. शेतकरी माल घेऊन येतो, अडत्या त्याचा लिलाव लावतो, पैसे वसूल करून देतो आणि आपली अडत कापून घेतो. अगदी चालू, उघड, रोजचा धंदा.

तिथल्या नगरपालिकेने, म्हणजे म्युनिसिपल बोर्डाने, उपविधी, म्हणजे आपल्या हद्दीपुरते नियम, केले. ते १ जानेवारी १९५० पासून लागू झाले. त्यांत असं होतं, की ठोक व्यवहारासाठी नवीन बाजार किंवा जागा बोर्डाच्या आगाऊ परवानगीशिवाय कोणी सुरू करायची नाही, आणि बोर्डाने ठरवलेल्या जागेशिवाय दुसरीकडे भाजी-फळं ठोकीत विकायची नाहीत. ऐकायला यात वावगं काही नाही. बाजार एका जागी भरावा, रस्ते मोकळे राहावेत, स्वच्छता राहावी, हे कोणत्याही नगरपालिकेचं कामच आहे.

पण बोर्डाने पुढे एक पाऊल टाकलं. भाजीच्या ठोक व्यापाराचा मक्ता एकाच माणसाला दिला. एका गावाची सगळी भाजी, आणि तिच्यावर मक्ता एकाचा. रशीद अहमद यांनी परवाना मागितला. तो नाकारला गेला. कारण? परवाना द्यायला जागाच उरली नव्हती. बोर्डाने स्वतःच मक्ता देऊन स्वतःचे हात बांधून घेतले होते. दुसऱ्या कोणाला परवाना द्यायची सोयच त्या व्यवस्थेत ठेवली नव्हती.

हे नीट ऐका, कारण सगळं यातच आहे. धंद्यावर बंधन घालणं ही एक गोष्ट. बंधनाच्या नावाखाली धंदाच बंद करणं ही दुसरी गोष्ट. माणसाला सांगितलं, "परवाना घेतल्याशिवाय धंदा करू नकोस." तो परवाना मागायला आला. त्याला सांगितलं, "परवाना तर मिळणारच नाही." मग त्याने करायचं काय?

त्यांनी धंदा चालू ठेवला, तर बोर्डाने त्यांच्यावर खटला भरला.

आता तारखांकडे लक्ष द्या. उपविधी लागू झाले १ जानेवारी १९५० ला. पंचवीस दिवसांनी, २६ जानेवारीला, आपली राज्यघटना अमलात आली. २८ जानेवारीला सर्वोच्च न्यायालयाचं उद्घाटन झालं. तेव्हा त्याला स्वतःची इमारतही नव्हती. संसद भवनातल्या नरेंद्रमंडळाच्या दालनात ते बसायचं. टिळक मार्गावरची आजची इमारत १९५८ मधली. आणि त्या कोऱ्या घटनेखाली, त्या कोऱ्या न्यायालयापुढे, कैरान्याचा भाजीचा अडत्या थेट जाऊन उभा राहिला. त्याने अनुच्छेद ३२ खाली अर्ज केला. मूलभूत हक्क मोडला गेला तर थेट सर्वोच्च न्यायालयात दाद मागता येते, ते हे कलम. त्याचं म्हणणं होतं, की अनुच्छेद १९ ने प्रत्येक नागरिकाला कोणताही धंदा, व्यापार, व्यवसाय करण्याचा हक्क दिला आहे. माझा हक्क नगरपालिकेने काढून घेतला आहे.

बोर्डाच्या बाजूने एक मुद्दा असा मांडला गेला, की नगरपालिका कायद्यात अपिलाची सोय आहे, या माणसाने आधी तिकडे जायला हवं होतं. श्रोतेहो, हा मुद्दा आजही प्रत्येक परवान्याच्या खटल्यात पहिल्याच तारखेला येतो. "आधी अपील करा." न्यायालयाने सांगितलं, की पर्यायी उपाय आहे की नाही हे पाहणं योग्यच आहे, पण अनुच्छेद ३२ खालचे आमचे अधिकार त्याहून पुष्कळ व्यापक आहेत. आणि त्यांनी प्रकरण ऐकलं.

निकाल लिहिला न्यायमूर्ती सुधिरंजन दास यांनी. तारीख १९ मे १९५०. घटना अमलात येऊन चार महिनेही झाले नव्हते. न्यायालय म्हणालं, की हे वाजवी बंधन नव्हे, ही संपूर्ण बंदी आहे, आणि असे उपविधी घटनेपुढे टिकत नाहीत. आदेश असा दिला, की कैराना नगरपालिकेच्या हद्दीत भाजीचा ठोक व्यापार आणि अडत करायला या माणसाला बोर्डाने मनाई करू नये. पुढे कायद्याप्रमाणे नवीन उपविधी केले तर त्यांना अनुसरून जे असेल ते असेल. आणि त्याच्यावर भरलेला खटला बोर्डाने मागे घ्यावा.

खटला मागे घ्यावा! देशाच्या सगळ्यात वरच्या न्यायालयाने एका नगरपालिकेला सांगितलं, की भाजीवाल्यावरचा खटला मागे घ्या. मी हा आदेश पहिल्यांदा वाचला तेव्हा वकिली नुकती सुरू केली होती. आजही वाचताना तितकाच भरून येतो ऊर. आपण घटना म्हटलं की मोठमोठी भाषणं आठवतो. मला ती अशी दिसते, पहाटेच्या बाजारात, कोथिंबिरीच्या जुड्यांमध्ये.

आणि एक. रशीद अहमद यांनी नुसती तक्रार केली नाही. त्यांनी अर्ज केला. अर्ज केला म्हणून नकार मिळाला. नकार मिळाला म्हणून न्यायालयाला बघायला काहीतरी होतं. अर्जच नसता, तर बोर्ड म्हणालं असतं, "यांनी मागितलाच नाही." म्हणून पुन्हा सांगतो. अर्ज लेखी द्या, पोच घ्या आणि नकार लेखी मागा.

त्याच मुझफ्फरनगर जिल्ह्यात जलालाबाद नावाचं गाव होतं. तिथेही भाजी-फळांचे एक ठोक व्यापारी, मोहम्मद यासीन. अडत रुपयामागे एक आणा. तिथल्या समितीनेही मक्ता एकाला दिला आणि फी लावली. तेही दिल्लीला गेले. निकाल २७ फेब्रुवारी १९५२ चा. तिथे न्यायालयाने एक फार उपयोगी गोष्ट सांगितली. कायद्याचा आधार नसलेली परवाना फी माणसाच्या खिशातले पैसे तर घेतेच, पण त्याच्या धंद्यावरही बंधन घालते, कारण ती भरल्याशिवाय धंदा करताच येत नाही. म्हणजे फी वाढवून मागितली, तर "कोणत्या नियमाखाली?" हे विचारण्याचा तुम्हाला हक्क आहे.

तुम्ही म्हणाल, हे नवीन परवान्याचं झालं. नूतनीकरणाचं काय? तर तिसरा निकाल कानपूरचा. कोळशाचे व्यापारी, द्वारकाप्रसाद लक्ष्मीनारायण ही पेढी. उत्तर प्रदेश सरकारचा १९५३ चा कोळसा नियंत्रण आदेश होता. त्यात परवाना अधिकाऱ्याला परवाना देण्याचा, न देण्याचा, नूतनीकरण करण्याचा, न करण्याचा, स्थगित करण्याचा, रद्द करण्याचा, सगळा अधिकार दिला होता. कारणं नोंदवायची, एवढीच अट. पण तो अधिकार कसा वापरायचा याचा एकही नियम नाही, आणि ती कारणं तपासायला वर कोणी नाही. ११ जानेवारी १९५४ ला सर्वोच्च न्यायालयाने ते कलमच रद्द ठरवलं. कोणाचा धंदा चालावा आणि कोणाचा बंद पडावा हे एका माणसाच्या मर्जीवर सोडता येणार नाही, असा त्याचा अर्थ. नूतनीकरण करणं न करणं हा अधिकाऱ्याचा अधिकार आहे, मान्य. पण तो मर्जीचा अधिकार नाही. त्याला नियम लागतो, कारण लागतं, आणि नाही म्हणण्याआधी दुकानदाराचं म्हणणं ऐकून घ्यावं लागतं. याला आम्ही नैसर्गिक न्याय म्हणतो.

आता आपल्याकडची गोष्ट. कोणता परवाना, हे आधी ओळखा. दुकाने व आस्थापना कायद्याची नोंदणी, ज्याला आपण सरळ शॉप ॲक्ट म्हणतो, ती वेगळी. २०१७ च्या नव्या कायद्यात आधी दहापेक्षा कमी, आणि २०२५ च्या दुरुस्तीनंतर वीसपेक्षा कमी कामगार असलेल्या दुकानाला नोंदणी लागत नाही, नुसती सूचना द्यावी लागते. अन्नपदार्थांचा परवाना वेगळा, तो २००६ च्या अन्न सुरक्षा कायद्याखाली. आणि महापालिकेचा व्यवसाय किंवा साठा परवाना आणखी वेगळा. मुंबईत तो १८८८ च्या कायद्याच्या कलम ३९४ खाली येतो. लोक एकाचा कागद दुसऱ्याच्या खिडकीवर नेतात आणि सहा महिने फुकट घालवतात.

अर्ज मुदतीत द्या. मुदत संपल्यावर गेलात तर चांगला मुद्दाही लंगडा होतो. आवक कक्षात द्या आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घ्या. घेत नसतील तर टपालाने पाठवा. २०२५ साली आपलं रजिस्टर पोस्ट स्पीड पोस्टात विलीन झालं. मला त्याची हळहळ आहे. पोस्टमनने दारात येऊन सही घ्यायची ती गुलाबी पोचपावती आमच्या कितीतरी खटल्यांत साक्षीदारासारखी उभी राहिली आहे. स्पीड पोस्टाची पावती आणि पोचल्याची नोंद मात्र मिळते. ती छापून ठेवा. फी भरल्याची पावती म्हणजे परवाना नव्हे, हेही लक्षात असू द्या. वाढीव फी वादाची असेल तर भरताना पत्रात लिहा, "आमचे सर्व हक्क व हरकती राखून."

उत्तर येतच नसेल तर? महाराष्ट्रात २०१५ चा लोकसेवा हक्क कायदा आहे. अधिसूचित सेवेला मुदत ठरलेली असते. अर्ज नाकारायचा तर पदनिर्देशित, म्हणजे त्या सेवेसाठी नेमलेल्या, अधिकाऱ्याला कारणं लेखी द्यावी लागतात, आणि त्यावर तीस दिवसांत पहिलं अपील करता येतं. कसूर झाली तर अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजार रुपये दंड होऊ शकतो. दुसरी वाट माहिती अधिकाराची. आपल्या अर्जावर कोणी काय शेरा मारला, ते बघायला नस्तीची, म्हणजे फाईलची, पाहणी मागा. तोंडी नकार कधीकधी त्या टिपणीत लेखी सापडतो.

कार्यालयीन पत्रांच्या भाषेबद्दल मला इथे बोललंच पाहिजे. "सबब आपले प्रकरण निकाली काढण्यात येत आहे." यात मंजूर झालं का नामंजूर? दहावी शिकलेल्या माणसाला कळत नाही. अपिलाची मुदत त्या वाक्यापासून मोजली जाते आणि दुकानदार समजतो, काम झालं! सरकारने वर्षानुवर्षं मराठीचा आग्रह धरला, तो योग्यच धरला. पण जी मराठी मराठी माणसालाच कळत नाही ती लिहून भाषेचं काय भलं होतं? "तुमचा अर्ज नामंजूर. कारण हे. अपील इथे, अमुक दिवसांत." तीन ओळी पुरतात. असं पत्र मिळालं आणि अर्थ लागला नाही, तर त्याच दिवशी वकिलाला दाखवा.

कोर्टात गेलात तर उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका होते. सांगली-मिरजेच्या, कोल्हापूरच्या, सातारा-सोलापूरच्या आणि रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या दुकानदारांना आता मुंबई गाठावी लागत नाही. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झालं आहे. "आधी अपील करा" हा मुद्दा तिथेही निघेल. त्याला उत्तर असं, की म्हणणं ऐकूनच घेतलं नसेल, अधिकार नसताना नकार दिला असेल किंवा मूलभूत हक्कावरच घाला असेल, तर उच्च न्यायालय अपिलाची वाट असूनही याचिका ऐकू शकतं. नाहीतर आधी अपीलच करा, त्यात कमीपणा नाही. न्यायालय बहुतेक वेळा स्वतः परवाना देत नाही. नकार रद्द करतं आणि सांगतं, "यांना ऐका, कारणासकट पुन्हा निर्णय द्या, इतक्या आठवड्यांत द्या." काही पक्षकार हिरमुसतात. मी त्यांना सांगतो, की हा विजय आहे, कारण दुसऱ्यांदा नाही म्हणायला त्यांना कारण शोधावं लागतं.

आणि प्रत्येक जण जिंकतो असं मी सांगणार नाही. दारूच्या दुकानाला हा मूलभूत हक्क नाही, सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केलं आहे. दुसरं, जागा. सत्तरच्या दशकात मद्रासकडच्या एका चित्रपटगृहाचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. भाडेपट्टा संपला होता, चालकाला परवान्याचं नूतनीकरण हवं होतं. नियमात शब्द होता, "कायदेशीर ताबा". न्यायालय म्हणालं, की ताबा आहे हे खरं, पण नुसता ताबा म्हणजे कायदेशीर ताबा नव्हे. नूतनीकरण गेलं. म्हणून भाड्याच्या गाळ्यात असाल तर भाडेपावत्या, करारनामा आणि भाडेकरू म्हणून तुमचं संरक्षण काय ते परवान्याच्या आधी बघा. मालक आणि भाडेकरू यांचं भांडण नगरपालिकेच्या खिडकीवर येऊन बसतं, हे मी इतक्यांदा पाहिलं आहे. थकलेला मालमत्ता कर हेही तसंच. आधी भरा किंवा त्याविरुद्ध वेगळी दाद मागा, मग परवान्याचं भांडण स्वच्छ राहतं.

मघाशी पिशवीची गोष्ट सांगितली. आमच्याकडे येताना त्या पिशवीत काय हवं? मूळ परवाना, मागची नूतनीकरणं, अर्जाची पोच, फीच्या पावत्या, जागेचे कागद आणि तो लेखी नकार. नकार मिळालाच नसेल, तर तो मागितल्याचं तुमचं पत्र आणि त्याची पोच. तेवढं असलं तरी आम्हाला उभं राहायला जमीन मिळते.

मूळ परवाना मात्र पिशवीत नसतोच. तो दुकानात असतो, गल्ल्याच्या मागे, देवाच्या तसबिरीशेजारी चौकटीत, काच लावून. ठेवायलाही तिथेच हवा. पण परवान्याच्या शर्ती बऱ्याचदा कागदाच्या मागच्या बाजूला छापलेल्या असतात आणि चौकटीत ती बाजू भिंतीकडे जाते. कोणत्या शर्तीवर धंदा करतो हे वर्षानुवर्षं कोणी वाचलेलंच नसतं, आणि नकाराचं पत्र नेमकं त्यातल्याच एखाद्या शर्तीचा क्रमांक सांगतं. आज रात्री दुकान वाढवण्याआधी ती चौकट खाली उतरवा, खिळे काढा आणि कागद उलटा करून शांतपणे वाचा.

नमस्कार.